पीटर वॉन वॉच-लॉग: खलनायक संपले, आता म्हातारे सुरू

तर मंडळी, ब्रिटिश नट पीटर वॉनची कामं एकामागून एक बघतोय, त्याचं हे अपडेट. वर्षांच्या क्रमाने बघायचं म्हणून १९५९ च्या 'द थर्टी-नाईन स्टेप्स'पासून सुरुवात केली होती, त्यात वॉन पोलीस आहे पण नामावलीत नावसुद्धा नाही, रिमोटवर बोट ठेवूनच बसावं लागतं.

१९७१ च्या 'स्ट्रॉ डॉग्ज'मधला त्याचा टॉम हेडन मात्र शोधावा लागत नाही, पबमध्ये वेळ संपल्यावर अजून एक ड्रिंक नाकारलं म्हणून असा पेटतो की पुढे काय होणार ते तिथेच कळतं. पण खरं सांगू का, मला जास्त भीती वाटली ती 'पॉरिज'मधल्या त्याच्या ग्राउटीची, म्हणजे तुरुंगातल्या दादा कैद्याची. कॉमेडी आहे हो, बीबीसीची, तुरुंगातली! ग्राउटी कधी आवाज चढवत नाही. कैदी फ्लेचरला (रॉनी बार्कर) अगदी गोडीत सांगतो की तुझ्या कोठडीतल्या गॉडबरने बॉक्सिंगची मॅच हरायची, आणि तेवढ्यात बार्करच्या चेहऱ्यावरचा सगळा आगाऊपणा उतरतो. गंमत म्हणजे टीव्हीवर ग्राउटी फक्त ३ एपिसोडमध्ये आहे, वर १९७९ चा सिनेमा, पण सिरीज बघताना वाटतं हा कायम शेजारच्या कोठडीत बसलाय.

मध्ये 'अ वॉर्निंग टू द क्युरियस' (१९७२) पण उरकला, बीबीसीची ख्रिसमसची भुताची गोष्ट, नॉरफकचा किनारा, यात घाबरणारा हाच आहे आणि चक्क मुख्य भूमिकेत. 'टाइम बँडिट्स', 'ब्राझील' ठीक, छोटी कामं.

आता या आठवड्यातला माल: 'द रिमेन्स ऑफ द डे' (१९९३). दिग्दर्शक जेम्स आयव्हरीचा सिनेमा, निर्मात्यांत आपले मुंबईचे इस्माईल मर्चंट. वॉन अँथनी हॉपकिन्सचा बाप झालाय, वयात फरक फक्त १४ वर्षांचा, पण पाठ अशी वाकवलीय की शंका येत नाही. ट्रे घेऊन जाताना धडपडतो आणि नंतर दोष कोणाला, तर फरशीला! फरश्या वाकड्या आहेत, त्या आधी सरळ करून घ्या म्हणे. तोच ग्राउटीचा हुकमी सूर, फक्त आता ऐकणारं कोणी उरलेलं नाही. हा सीन मी रिवाइंड करकरून पाहिला. मग लगेच 'अवर फ्रेंड्स इन द नॉर्थ' (१९९६), तिथे वॉन म्हणजे फेलिक्स, जॅरो मार्चला (१९३६ चा बेरोजगारांचा लंडनपर्यंतचा मोर्चा) गेलेला माणूस, अल्झायमरने मुलालासुद्धा ओळखेनासा होतो. दोन्ही पाठोपाठ बघू नका, सलग जड जातं.

राहिला 'गेम ऑफ थ्रोन्स'चा मेस्टर (म्हणजे विद्वान वैद्य) एमन. तो आंधळा आणि तोपर्यंत वॉनची स्वतःचीही नजर बरीच गेलेली, २०१६ मध्ये ९३ व्या वर्षी गेला बिचारा. पण त्याआधी 'फॉक्स' (१९८०) बघायचीय, यात तो लंडनच्या मोठ्या कुटुंबाचा कर्ता आहे. डीव्हीडी कोणाकडे असेल तर बोला, पोस्टेज मी देतो.