पंख आणि पंखा

आमच्या घरातलं भांडण खरं तर पंख्याचं होतं. कात्री चालली ती मात्र पंखांवर.

लेकीने हट्टाने आणलेला कॉकाटेल, म्हणजे छोटा परदेशी पोपट, नाव बंड्या. पिवळा तुरा, गालांवर नारिंगी टिकल्या. पहिल्याच आठवड्यात पिंजऱ्यातून निसटला आणि फिरत्या पात्यांच्या वीतभर खालून गेला. सासूबाई किंचाळल्या, मी बटणाकडे धावले. पक्षी जिथून घेतला त्या दुकानदाराला सांगितलं, तर तो म्हणाला, "आणा की, कापून देतो. नखं कापल्यासारखंच असतं."

ते खोटं नव्हतं. पूर्ण वाढलेलं पीस नखासारखंच निर्जीव असतं. पंखाच्या टोकाकडे दहा मोठी पिसं असतात. त्यातली बाहेरची पाच-पाच त्याने दोन्हीकडची सारखी कापली. एकाच बाजूची कापली, तर पक्षी तोल जाऊन गरगरत कोसळतो. आधी एकेक पीस उजेडात धरून बघत होता. नव्याने उगवणाऱ्या पिसाच्या देठात रक्त असतं, ते कापलं की धार लागते. दोन मिनिटांत काम फत्ते.

घरी येताच बंड्याने सवयीने पडद्याच्या दांडीकडे झेप घेतली आणि धपकन फरशीवर छातीवर आपटला. ओरडला-बिडला नाही. तुरा चपटा करून नुसता बघत राहिला. नखं कापल्यावर कुणाचं चालणं बंद पडतं का, हे मला तेव्हा सुचलं. दुकानात सुचायला हवं होतं.

मग तो चालायला लागला. सासूबाईंच्या मागे मागे, ओट्यापर्यंत, तुरुतुरु. आम्हाला ते गोड वाटायचं. व्हिडिओही काढले, काय सांगू. सासूबाईंनी एकही बघितला नाही. त्यांच्या माहेरच्या वाड्यात विठू होता. (आता वन्यजीव संरक्षण कायद्याखाली देशी पोपट पाळणं गुन्हा आहे, तेव्हा घरोघरी असायचे.) "त्याचेही पंख काका कापायचे. एकदा अंगणात उतरला आणि बोका आला. चालत चालत कितीसा पळणार?" एवढं बोलून त्या मेथी निवडायला लागल्या.

कापलेलं पीस पुन्हा वाढत नाही. त्याचं खुंट गळावं लागतं, मग त्या जागी नवं येतं, पांढऱ्या वेष्टनात गुंडाळलेलं. तेही सगळी एकदम नाही; आज एक, पंधरा दिवसांनी दुसरं. लेक खुंटं गोळा करून कंपासपेटीत ठेवायची. दहावं मिळालं त्या दिवशी दुकानात न्यायचं की नाही, हे कुणी कुणाला विचारलंच नाही. मी पंख्याच्या बटणावर चिकटपट्टी लावली.

आता रोज संध्याकाळी सहा ते सात बैठकीतला पंखा बंद, स्वयंपाकघराचं दार बंद. पुण्यातला मे महिना. पाहुणे आले की सासूबाई त्यांच्या हातात वर्तमानपत्राची घडी देतात. बंड्या दोन घिरट्या घालतो, थांबलेल्या पात्यावर बसतो आणि कुकरच्या शिट्ट्या मारतो. तिसरी झाली की सासूबाई गॅस बंद करायला उठतात.