बरणी, सेक्रेटरीकाका आणि एनओसी

बारा मिनिटांची शॉर्टफिल्म. लिहायला दोन रात्री, शूटिंगला एक रविवार. आणि मुलुंडच्या आमच्याच सोसायटीची एनओसी, म्हणजे ना-हरकत पत्र, मिळवायला सात आठवडे!

गोष्ट साधी. कांदेपोह्यांच्या कार्यक्रमात मुलाला लोणच्याची बरणी उघडत नाही. मग त्याचे बाबा, काका, मावसोबा एकेक करून तिला भिडतात, प्रत्येकाचा पगार, फ्लॅट आणि दंडातला जोर यांचा विषय निघतो. शेवटी मुलगीच उघडते.

अर्ज दिला तर सेक्रेटरीकाका म्हणाले, ‘कमिटीपुढे ठेवतो.’ सोसायटीच्या उपविधीप्रमाणे, म्हणजे नियमावलीप्रमाणे, कमिटीची सभा महिन्यातून एकदा तरी व्हायला हवी. आमच्याकडे एकदा कोरम नव्हता, एकदा मॅच होती. मग स्क्रिप्ट मागितली. तुम्ही देऊ नका. कुठे, किती माणसं, किती वाजेपर्यंत, एवढं एका पानावर पुरे. मी उत्साहात अख्खी दिली आणि ती लाल पेनच्या खुणांसकट परत आली.

‘अगं, मुलगा रडतो कशाला? तेही जिन्यात?’

‘काका, विनोद आहे तो.’

‘विनोद कळतो मला. पण बरणी मुलालाच उघडू दे ना. मागे आपल्या बिल्डिंगची पाटी दिसणार.’

मी पिशवीतली शूटिंगची बरणी टेबलावर ठेवली. झाकण फेविक्विकने चिकटवलेलं होतं, हे सांगायचं राहिलं. म्हणजे, मुद्दामच राहू दिलं. काकांनी आधी दोन बोटांनी, मग तळहाताने, मग शर्टाचं टोक गुंडाळून फिरवून पाहिलं. कानाच्या पाळ्या लाल झाल्या. खजिनदारांनी बरणी उलटी करून बुडावर थापट्या मारल्या. तिसरे म्हणाले, ‘माझं मनगट दुखावलंय, नाहीतर...’ हे वाक्य स्क्रिप्टमध्ये नव्हतं. त्याच रात्री घातलं.

सही झाली. दहा ते पाच, लाइट्स लिफ्टमधून न्यायचे नाहीत, पाच हजार डिपॉझिट.

हो, पाण्याच्या मोटरची वेळ आधी विचारून घ्या. आमचा सगळ्यात छान शॉट तिच्या घरघरीत गेला. गेटबाहेर ही एनओसी चालत नाही. रस्त्यावर शूट करायचं तर सरकारच्या एक खिडकी योजनेतून वेगळी परवानगी लागते. मी रिक्षाचा सीनच कापला. यूट्यूबवर टाकायला सेन्सॉरचं सर्टिफिकेट लागत नाही, थिएटरात लावायची तर लागतं. आणि डिपॉझिटची पावती त्याच दिवशी घ्या.

माझं अजून परत यायचंय. परवा लिफ्टमध्ये विचारलं, तर काका म्हणाले, ‘देतो गं. पण आपली पाटी कुठेच कशी दिसली नाही?’