तुम्ही विचारलंत म्हणून : चक्करवर मी कुठली गोळी घेते

सोसायटीत, भिशीत, परवा तर गोखले रोडवर भाजी घेताना, सगळीकडे एकच, काकू तुमची चक्कर गेली ना, कुठली गोळी घेता, नाव सांगा ना, माझ्या बहिणीला पण गरगरतं. सांगते की. बीटाहिस्टिन, 16 ची, दिवसातून तीनदा. पण नुसतं नाव घेऊन मेडिकलमध्ये जाऊ नका, जरा ऐका.

माझं दुखणं मेनियर्सचं, म्हणजे आतल्या कानाचं. अशी चक्कर डोक्यातून नाही, आतल्या कानातून येते हे प्रॉस्पेर मेनिएर नावाच्या फ्रेंच डॉक्टरने 1861 मध्येच सांगून ठेवलंय, तरी दीडशे वर्षांनी नौपाड्यात मला मिळाला मानेचा पट्टा. आठ महिने घातला, मे महिन्यात सुद्धा. कुणी दिला ते जाऊदे.

मग एक दिवस ठाणे स्टेशनच्या जिन्यावर डाव्या कानात दडे बसले, कसारा घाट चढताना बसतात ना तसे, मग आत पाण्याचा पंप चालू केल्यासारखी घरघर, आणि मग जिनाच फिरायला लागला. कठडा धरून खालीच बसले. डोळे मिटले तरी फिरणं थांबेना, दोन तास चाललं, उलट्या वेगळ्याच. एका बाईने धावत जाऊन लिंबू सरबत आणलं, चांगलं मीठबीठ घालून, बिचारीला काय माहीत.

मग कानाच्या डॉक्टरांकडे. बंद खोलीत हेडफोन लावून बसवतात, टूं ऐकू आलं की बटण दाबायचं. डाव्या कानात जाड आवाज गेलेले, बारीक आवाज शाबूत. म्हणजे कुकरची शिट्टी कानात घुसते आणि नवऱ्याचं बोलणं पोचत नाही, यावरचे सगळे विनोद घरात करून झालेत. कानाच्या नसेवर गाठबिठ नाही ना म्हणून एमआरआय पण झाला, नव्हती.

आतल्या कानातलं पाणी साचून दाब वाढतो म्हणे, म्हणून मीठ कमी. दिवसाला सोडियम 1500 ते 2000 मिलिग्राम, आणि चहाच्या एका चमच्या मिठातच 2300 च्या आसपास असतं, करा हिशोब. मी सकाळी छोट्या वाटीत अर्धा चमचा मीठ काढून ठेवते, माझी आमटी-भाजी वेगळी काढून त्यातलंच घालायचं, कणकेत चिमूट, आणि रात्री उरलं तर कोशिंबिरीला. लोणचं सुटलं एकवेळ, पण पापड! पापडखारात पण सोडियमच, ढोकळ्याच्या सोड्यात पण, हे मला कुणी आधी सांगितलंच नव्हतं.

आता गोळीचं. जर्मनीत 221 पेशंटवर नऊ महिने हीच गोळी तपासली, 2016 मध्ये छापून आलं, मुलाने दाखवलं. काहींना कमी डोस, काहींना जास्त, काहींना नुसती खोटी गोळी, आणि झटके तिन्हीकडे सारखेच कमी झाले! म्हणजे हा आजार आपलाआपणच वरखाली होतो आणि नाव गोळीचं होतं. डॉक्टरांना विचारलं तर म्हणाले, माहितीये मला, त्रास होत नसेल तर चालू ठेवा. ठेवलीये. भीतीने, खरं सांगायचं तर.

त्यानंतर कानाच्या पडद्यातून स्टेरॉइडची दोन इंजेक्शनं झाली, गार काहीतरी आत ओतल्यासारखं वाटतं आणि अर्धा तास कान वर करून आवंढा न गिळता पडायचं. गेले आठ महिने झटका नाही. इंजेक्शनने, मिठाने की आपोआप, मी कसं सांगू. ऐकू यायचं मात्र परत आलं नाही. जेंटामायसिनचं पण इंजेक्शन असतं, ते तोल सांभाळणाऱ्या पेशीच मारतं, आणि त्यात ऐकणं अजून जाऊ शकतं, ते शेवटाला ठेवलंय.

तर बहिणीला आधी विचारा, किती वेळ गरगरतं? कुशीवर वळल्यावर अर्धा मिनिट आणि बास, ऐकू नीट येतंय, तर बहुतेक ते कानातले कण सरकल्याचं, डॉक्टर मान ठरावीक पद्धतीने फिरवून कण जागेवर आणतात, त्याला माझी गोळी काय करणार. तास तास चालतं आणि कानात दडे बसतात, तर आधी कानाची तपासणी करून घ्या. काय म्हणाली ते कळवा, पण फोन नको, मेसेजच करा.