माजी विद्यार्थी म्हणून गेलो, पालक म्हणून आत गेलो

सगळ्यात आधी एक सांगतो. कॉलेजच्या माजी विद्यार्थी मेळाव्याचा ऑनलाइन फॉर्म भरताना 'पास झाल्याचं वर्ष' या यादीत तुमचं वर्षच नसेल, तर जवळचं वर्ष निवडून पुढे जाऊ नका. फॉर्म बंद करा, कोणाला तरी फोन लावा, नाहीतर घरी बसा. मी 2005 चा. यादी 2010 पासून सुरू होत होती. मी 2010 निवडलं, तीनशे रुपये यूपीआयने भरले, क्यूआर कोड आला, आणि मला वाटलं की झालं काम.

मी सेफ्टी ऑफिसर आहे. रबाळे एमआयडीसीतल्या एका केमिकल प्लांटमध्ये चौदा वर्षं काढली आणि आता प्लांट गुजरातला चाललाय. मला 'येणार का' असं विचारलं, पण मुलगा पाचवीत, आई ठाण्यात, बायकोची नोकरी मुलुंडला. म्हणजे इथेच काहीतरी बघायला हवं. आमच्या धंद्यात ओळखी म्हणजे काय, तर फायर एक्स्टिंग्विशर भरून देणारा आणि रुग्णवाहिकेचा ड्रायव्हर. बाकी सगळे मला टाळतात, कारण मी दिसलो की कोणाचं तरी वर्क परमिट, म्हणजे धोक्याचं काम करायची लेखी परवानगी, अडकतं.

मेहुणा एमबीए झालेला. त्याने जेवताना ज्ञान दिलं. मार्क ग्रॅनोव्हेटर नावाच्या अमेरिकन समाजशास्त्रज्ञाने 1973 साली दाखवलं होतं म्हणे, की ओळखीतून नोकरी मिळालेल्यांत त्या ओळखीच्या माणसाला वरचेवर भेटणारे सहात एखादाच. बाकीच्यांची भेट कधीमधी, नाहीतर क्वचितच. म्हणजे जिवलग मित्रांपेक्षा अर्धवट ओळखीची माणसं जास्त उपयोगी. "दाजी, तुमच्याकडे तर अर्धवट ओळखीच जास्त आहेत," हे वर. बायको हसली. मी फॉर्म भरला.

कार्यक्रम असा होता: साडेसहा ते आठ चहा आणि 'नेटवर्किंग', आठ ते दहा डीजे. कॉलेजचा फेस्ट आणि माजी विद्यार्थ्यांचा मेळावा एकाच दिवशी, एकाच मैदानावर. तेव्हाच शंका यायला हवी होती. ठाण्याहून ट्रान्स-हार्बरने नवी मुंबई, पुढे शेअर रिक्षा, यात सांगण्यासारखं काही नाही. 6:20 ला मी गेटवर होतो. इस्त्रीचा फुल शर्ट, इन केलेला. ही दुसरी चूक, पण तिच्याकडे नंतर येतो.

गेटवर तीन टेबलं आणि मनगटाला बांधायचे तीन रंगांचे कागदी पट्टे होते. निळा विद्यार्थ्यांना, सोनेरी माजी विद्यार्थ्यांना, हिरवा पालकांना. सोनेरी टेबलावर एकोणीस-वीस वर्षांचा एक मुलगा, कानात हेडसेट. त्याने माझा कोड स्कॅन केला आणि फोनवर लाल फुली आली. पुन्हा केला. पुन्हा फुली.

"सर, 2010 च्या यादीत तुमचं नाव नाही."

"मी 2005 चा आहे."

"मग 2010 का टाकलं?"

"कारण 2005 नव्हतं."

त्याने माझ्याकडे असं पाहिलं, जणू 2005 नसणं हा माझा गुन्हा. मग शांतपणे म्हणाला, "सर, माझा जन्म 2006 चा." या माहितीचं मी काय करायचं होतं ते मला आजही कळलेलं नाही.

"जस्ट टू मिनिट्स, सर." हे वाक्य मी त्या संध्याकाळी किती वेळा ऐकलं ते मोजायला हवं होतं. दोन मिनिटांनी एक मुलगी आली. तिने ओटीपी पाठवते म्हणून सांगितलं. मैदानात दोन-अडीच हजार पोरं, प्रत्येकाच्या हातात फोन, आणि नेटवर्क पार झोपलेलं. ओटीपी आला तो साडेसातला, एकदम चार. तोपर्यंत ती मुलगी डीजेला आणायला गेली होती. तेव्हा हे लक्षात ठेवा: क्यूआर, पावती, जे काही असेल त्याचा स्क्रीनशॉट घरूनच काढून ठेवा. गेटवर मेल उघडत बसू नका, उघडत नाही.

मग पुरावा मागितला. डिग्री सर्टिफिकेट सोबत घेऊन कोण फिरतं? फोनमध्ये शोधून शोधून निरोप समारंभाचा एक जुना फोटो सापडला, मागच्या रांगेत उजवीकडून तिसरा मी. हेडसेटवाल्याने फोटो मोठा केला, मला पाहिलं, पुन्हा फोटो पाहिला. "सर, यात तुम्ही दिसत नाही." दिसत होतो. केस होते तेव्हा, इतकाच फरक.

मी हट्टाला पेटलो. सांगायला लागलो की ही मागची विंग आमच्या वेळी नव्हती, वर्कशॉपच्या पत्र्यावर पाऊस पडला की व्हायवा थांबायचा, कँटीनवाला केटी लागलेल्यांना, म्हणजे विषय राहिलेल्यांना, उधार द्यायचा नाही. मागे निळ्या पट्ट्यांची रांग वाढत होती. कोणीतरी ओरडलं, "अंकल, साइडला या ना!" मी बाजूला झालो. आतून चहाचे कप घेऊन फिरणारी माझ्याच वयाची माणसं दिसत होती, लोखंडी कठड्याच्या पलीकडे, पंधरा फुटांवर. एक जण तर आमच्याच बॅचचा वाटला. मी हात केला. त्यानेही केला, आणि निघून गेला.

अल्युम्नाय सेलचा फोन? फॉर्मवर होता की. आठवडाभर आधीही तो लागला नव्हता, तेव्हाही नाही लागला. नंबर कोणाच्या तरी ड्रॉवरमध्ये वाजत असणार. तिथले प्रमुख सर आत भाषण करत होते आणि त्यांच्याशिवाय सोनेरी पट्टा देण्याचा अधिकार कोणालाही नव्हता. आमच्या प्लांटमध्ये सोडियमच्या टाकीजवळ वेल्डिंगची परवानगी मिळायला इतका वेळ लागत नाही, आणि ती परवानगी मी देतो.

7:50 ला एक मॅडम आल्या. बहुतेक प्राध्यापिका, वयाने माझ्यापेक्षा लहानच. त्यांनी कोणाचंही पूर्ण ऐकून घेतलं नाही. "पालकांचा बँड लावा आणि सोडा ना आत, इतका वेळ काय चाललंय?" पाच सेकंदांत हिरवा पट्टा माझ्या मनगटावर. आणि तोच हेडसेटवाला, जो दीड तास मला सर म्हणत होता, त्याने कठडा सरकवत म्हटलं, "या काका."

आत शिरलो तेव्हा चहाची भांडी उचलली जात होती. दहाच मिनिटांत डीजे सुरू झाला.

इथे इअरप्लगचं सांगतो, कारण माझ्या खिशात होते आणि इतर कोणाच्याच नव्हते. फोमचे प्लग बोटांत वळून बारीक करायचे, दुसऱ्या हाताने कान वर आणि मागे ओढायचा, प्लग आत घालायचा आणि फुगेपर्यंत बोटाने धरून ठेवायचा. नुसता कानाच्या तोंडाशी टेकवून ठेवला तर शोभेचा. फोनवरच्या ॲपने स्टेजजवळ 100 डेसिबल दाखवले. ॲपवर फार विसंबू नये, पण अंदाज येतो. कारखान्यांच्या नियमांत 90 डेसिबलला आठ तास, 95 ला चार, 100 ला दोन असा हिशेब असतो. डीजे आठ ते दहा, बरोबर दोन तास. म्हणजे मला तक्रारही करता येईना.

या गोंगाटात 'नेटवर्किंग' कसं करतात ते मी करून पाहिलं. सोनेरी पट्ट्याचा एक मुलगा कडेला उभा दिसला, तिशीचा असेल. मी त्याच्या कानात नाव ओरडलो. त्याने कान पुढे केला. पुन्हा ओरडलो. शेवटी फोनवर टाइप करून त्याच्यासमोर धरलं: 'मी सेफ्टीत आहे. तुम्ही?' त्याने माझ्याच फोनवर लिहिलं: 'डेटा सेंटर, ऐरोली.' ऐरोली-महापे पट्ट्यात डेटा सेंटरं बरीच आहेत, तिथे फायर सिस्टीम आणि डिझेलच्या टाक्या म्हणजे माझंच काम. मी उत्साहाने चार ओळी टाइप केल्या. वर पाहिलं तर तो नाचायला गेला होता. जाताना हिरव्या पट्ट्याकडे बघून हात मात्र जोडून गेला. लिंक्डइनवर विनंती पाठवली आहे, अजून स्वीकारलेली नाही.

आणि तो पट्टा! झाडामागे तीन पोरं सिगारेट ओढत होती, मला पाहून त्यांनी ती पायाखाली घेतली. एका मुलीने येऊन विचारलं, "काका, तुम्ही श्रेयाचे बाबा का?" इन केलेल्या शर्टाने उरलीसुरली शंकाही घालवली असणार. टीशर्ट घालून जा. पट्टा असा की ओढला तरी निघत नाही, कापावाच लागतो.

नऊच्या सुमाराला मी हरलो. एका स्वयंसेवकाने स्वतःहून मला पालक कक्षात नेऊन सोडलं. कँटीनच्या बाजूला एक छोटा मंडप, वीसेक प्लास्टिकच्या खुर्च्या, एक पेडस्टल फॅन. दहाला मुलींना घेऊन जायला आलेले आईबाप तिथे बसले होते. एक बाई मांडीवर वर्तमानपत्र पसरून गवार मोडत होत्या, इतक्या सराईतपणे की हा त्यांचा पहिला फेस्ट नसावा. आवाज भिंतीआड दबलेला. माणसाचं माणसाला ऐकू येत होतं.

शेजारच्या गृहस्थांच्या पायाकडे माझं लक्ष गेलं. सेफ्टी शूज. डाव्या बुटाचं टोक इतकं झिजलेलं की आतली पोलादी टोपी चकाकत होती. माझ्या तोंडून निघून गेलं, "बदलायला झालेत."

ते खाली बघून हसले. "शिफ्टवरून थेट आलो. तुम्हाला कसं कळलं?"

त्या संध्याकाळी दीड तास गेटवर आणि तासभर डीजेपुढे जे जमलं नव्हतं ते एका बुटाने केलं. ते तळोज्याला एका प्लांटमध्ये प्रॉडक्शन मॅनेजर. मुलगी तिसऱ्या वर्षाला, आयोजकांच्या टीममध्ये. "तुमचा कितव्या वर्षाला?" त्यांनी विचारलं. म्हटलं, पाचवीत. मग सगळी कहाणी सांगावी लागली, आणि गवारवाल्या बाईसुद्धा मोडायचं थांबवून ऐकायला लागल्या.

मला नोकरी मागता येत नाही. घशाशी येतं आणि तिथेच बसतं. पण मंडपाच्या मागे कॉलेजचं दुसरं गेट होतं, त्यावर हिरव्या पाटीवर 'आपत्कालीन मार्ग' लिहिलेलं, आणि त्याच्या खाली साखळी आणि मुठीएवढं कुलूप. ते मला बसल्यापासून टोचत होतं. पावणेदहाला राहवेना. वॉचमनला विचारलं, चावी कुठे? सुपरवायझरकडे. सुपरवायझर कुठे? मेन गेटला. म्हटलं, दहाला लाउडस्पीकर कायद्याने बंद होणार, ही सगळी पोरं एकदम निघणार, पुढचं गेट आठ फुटांचं, त्यातही तीन टेबलं अडवून ठेवलेली. कोणी पडलं तर?

वॉचमनने खांदे उडवले. तळोजावाल्यांनी मात्र मुलीला फोन लावला. लागेना. मग मेसेज. तिनेक मिनिटांत ती धावत आली, गळ्यात ओळखपत्र, मागे धापा टाकणारा सुपरवायझर आणि चाव्यांचा जुडगा. सातवी चावी लागली. कुलूप उघडून साखळी खाली पडली तेव्हा मला जो आनंद झाला, तो सोनेरी पट्टा मिळाला असता तरी झाला नसता.

"बाबा, हे कोण?" तिने विचारलं.

"सेफ्टीवाले आहेत," ते म्हणाले. मग माझ्याकडे वळून, "सध्या कुठे आहात?"

आता सांगणं सोपं होतं. त्यांच्याकडे जागा नव्हती, पण शेजारच्या प्लॉटवरच्या कंपनीला माणूस हवा आहे असं ते म्हणाले. मी पाकिटातून व्हिजिटिंग कार्ड काढलं. हे कार्ड आता कोणी घेत नाही असं मेहुणा म्हणाला होता. पन्नाशीच्या आसपासची माणसं घेतात, आणि शर्टाच्या खिशात ठेवतात. चार-पाच तरी बरोबर असू द्या.

अजून दोन गोष्टी आठवल्या. खाऊन जा, आत फक्त फ्राइज होत्या आणि त्याही कूपनवर. आणि आमच्या क्षेत्रातलं कोणी हे वाचत असेल तर सीबीडी बेलापूरला राष्ट्रीय सुरक्षा परिषदेचं मुख्यालय आहे, तिथल्या एखाद्या प्रशिक्षणाला आपल्याच लाइनची माणसं भेटतात आणि कोणी नाचायला जात नाही. मी आधी तिकडे का गेलो नाही असं बायकोने विचारलं. उत्तर नव्हतं.

तळोज्याला दोन आठवड्यांनी जाऊन आलो. इंटरव्ह्यू बरा झाला, एचआरची फेरी बाकी आहे.

काल कॉलेजकडून अभिप्रायाचा फॉर्म आला. मी त्यांच्या नोंदीत आता पालक आहे, त्यामुळे पहिलाच प्रश्न: 'आपला पाल्य कोणत्या वर्षात शिकत आहे?' उत्तर देणं बंधनकारक. पर्याय पहिलं, दुसरं, तिसरं, चौथं. यावेळी जवळचं निवडलं नाही. अल्युम्नाय सेलला फोन लावला. वाजतोय.