ॲसिडिमेट्री की अल्कलीमेट्री? जर्नलवर सही मिळेपर्यंतचा माझा अनुभव

सेमिस्टरच्या प्रॅक्टिकलला बसायचं तर सर्टिफाइड जर्नल लागतं. माझं जर्नल एका शब्दापाशी तीनदा परत आलं. रीडिंग बरोबर होती, हिशेबही बरोबर होता. आम्ल-अल्काच्या (अल्क म्हणजे अल्कली) टायट्रेशनच्या प्रयोगाच्या शीर्षकात 'ॲसिडिमेट्री' लिहिलं होतं, ते खोडून 'अल्कलीमेट्री' करायला सांगितलं. ते केलं, तर दुसऱ्या मॅडमनी तांबड्या शाईने ते खोडून परत 'ॲसिडिमेट्री' केलं. तिसऱ्या खेपेला सही न होताच जर्नल हातात आलं, "आधी नक्की काय ते ठरव" म्हणून. चीड आजही आहे, कारण दोघांपैकी कुणीच चुकलेलं नव्हतं. या शब्दाचे दोन अर्थ रूढ आहेत आणि ते एकमेकांच्या अगदी उलट आहेत, एवढं एक वाक्य कुणी सांगितलं असतं तर तीन आठवडे वाचले असते.

बेळगाव, खानापूर, निपाणी भागात मराठी माध्यमातून दहावी करून पीयूसीपासून (कर्नाटकातली अकरावी-बारावी) इंग्रजीत सायन्स घेतलेल्या मुलांना हा गुंता जास्त जाचतो, त्यांच्यासाठी हे लिहितेय.

प्रयोग साधाच आहे: टायट्रेशन, मराठीत अनुमापन, म्हणजे तीव्रता माहीत असलेल्या द्रावणाच्या मदतीने दुसऱ्या द्रावणाची तीव्रता काढणं. ही तीव्रता इथे नॉर्मॅलिटीत सांगतात, म्हणजे एका लिटरमध्ये पदार्थाचे किती तुल्यभार ते. दोन भाग असतात. पहिल्या भागात ०.१ नॉर्मल ऑक्झॅलिक आम्लाच्या मदतीने सोडियम हायड्रॉक्साइडची नॉर्मॅलिटी काढायची. दुसऱ्या भागात त्याच सोडियम हायड्रॉक्साइडने बाटलीतल्या हायड्रोक्लोरिक आम्लाची नॉर्मॅलिटी काढायची. ऑक्झॅलिक आम्लाच्या स्फटिकांचा रेणूभार १२६, तुल्यभार ६३, म्हणून २५० मिलि द्रावणाला १.५७५ ग्रॅम. ते नेमकं वजन करता येतं, म्हणून ते प्राथमिक प्रमाण. सोडियम हायड्रॉक्साइडचं तसं होत नाही. लिटरला ४ ग्रॅम हा हिशेब कागदावर ठीक आहे, पण आपल्याकडच्या पावसाळ्यात पेलेट वॉच ग्लासवर ठेवल्या की वजन होईपर्यंत त्यांना पाणी सुटतं, आणि हवेतला कार्बन डायऑक्साइड खाऊन थोडा कार्बोनेटही होतो. म्हणून थोडं जास्त घेऊन अंदाजे द्रावण करायचं आणि खरी नॉर्मॅलिटी ऑक्झॅलिक आम्लाकडून काढून घ्यायची. पहिला भाग आहे तो याचसाठी.

दोन्ही भागांत ब्युरेटमध्ये (खुणा केलेली, खाली कॉक असलेली काचेची नळी) सोडियम हायड्रॉक्साइड, फ्लास्कमध्ये पिपेटने १० मिलि आम्ल, आणि रंग बदलून शेवट दाखवणारा दर्शक म्हणून फिनॉल्फ्थॅलीनचे एक-दोन थेंब. रंगहीन ते फिकट गुलाबी. समजा पहिल्या भागात ९.६ मिलि लागले, तर ०.१ × १० ÷ ९.६, म्हणजे ०.१०४२ नॉर्मल. दुसऱ्या भागात ९.८ मिलि लागले, तर ०.१०४२ × ९.८ ÷ १० म्हणजे ०.१०२१ नॉर्मल, आणि ३६.५ ने गुणलं की लिटरला ३.७२७ ग्रॅम हायड्रोक्लोरिक आम्ल. इथवर कुणाचंच काही अडत नाही.

अडतं ते शीर्षकाला नाव देताना.

'मेट्री' म्हणजे मापन. तेव्हा ॲसिडिमेट्री म्हणजे आम्ल मोजणं, अल्कलीमेट्री म्हणजे अल्क मोजणं. हा पहिला अर्थ, आणि इंग्रजी शब्दकोश बहुधा हाच देतात: नमुन्यात आम्ल किती आहे ते प्रमाणित, म्हणजे तीव्रता नेमकी माहीत असलेल्या, अल्काने काढणं म्हणजे ॲसिडिमेट्री. हा अर्थ जुनाही आहे. फ्रान्समध्ये देक्रुआझी या रसायनज्ञाने १८०६ मध्ये 'अल्कलीमीटर' वर्णन केला, तो बाजारातल्या पोटॅश-सोड्यात खरा अल्क किती ते बघण्यासाठी. त्या खुणा केलेल्या नळीत असायचं आम्ल! मोजायचं होतं अल्क, म्हणून नाव अल्काचं.

दुसरा अर्थ पदवीच्या विश्लेषणाच्या पाठ्यपुस्तकांतला. तिथे नाव मोजायच्या पदार्थावरून येत नाही, ज्याने मोजायचं त्या प्रमाणित द्रावणावरून येतं. प्रमाणित आम्लाने अल्क मोजलं तर ॲसिडिमेट्री, प्रमाणित अल्काने आम्ल मोजलं तर अल्कलीमेट्री. पहिल्याच्या बरोबर उलट. हा अर्थही मनमानी नाही. सिल्व्हर नायट्रेटने क्लोराइड मोजतो त्याला आपण अर्जेंटोमेट्री म्हणतो, मोजतो क्लोराइड पण नाव चांदीचं. परमँगनेटने लोह मोजतो ती परमँगनोमेट्री. प्रमाणित आयोडीनने थेट टायट्रेशन केलं की आयोडिमेट्री. या सगळ्या घराण्यात नाव प्रमाणित द्रावणाचंच चालतं, तर आम्ल-अल्काला वेगळा न्याय कशाला, असं या पुस्तकांचं म्हणणं. मला स्वतःला हाच अर्थ सोयीचा वाटतो. पण सोयीचा वाटला म्हणून दुसरा चूक ठरत नाही.

आता हे दोन्ही अर्थ आपल्या प्रयोगाला लावून बघा, म्हणजे तांबडी शाई कुठून आली ते कळेल. पहिल्या भागात मोजतोय सोडियम हायड्रॉक्साइड, तीव्रता माहीत आहे ऑक्झॅलिक आम्लाची. 'जे मोजलं त्याचं नाव' धरलं तर ही अल्कलीमेट्री, 'ज्याने मोजलं त्याचं नाव' धरलं तर ॲसिडिमेट्री. दुसऱ्या भागात मोजतोय हायड्रोक्लोरिक आम्ल, माहीत आहे सोडियम हायड्रॉक्साइड. पहिल्या अर्थाने ॲसिडिमेट्री, दुसऱ्या अर्थाने अल्कलीमेट्री. एका पानावरच्या एकाच प्रयोगाच्या दोन भागांना दोन नावं, आणि अर्थ बदलला की नावांची अदलाबदल. त्यात काहीजण सोपा नियम म्हणून सांगतात की ब्युरेटमध्ये जे असेल त्याचं नाव द्यायचं. त्या नियमाने दोन्ही भाग अल्कलीमेट्री होतात. असा नियम पाठ करून तोंडी परीक्षेला गेलात की पहिल्या भागावर अडकायला होतं, कारण तिथे ब्युरेटमधलं द्रावण प्रमाणित नाही, ते तर आपण अजून काढतोय.

प्रयोगशाळेबाहेरची उदाहरणं घेतली की फरक डोक्यात पक्का बसतो. दुधाची ॲसिडिटी बघतात ती अशी: १० मिलि दूध, फिनॉल्फ्थॅलीन, ब्युरेटमध्ये एन बाय टेन, म्हणजे ०.१ नॉर्मल, सोडियम हायड्रॉक्साइड. त्याचा १ मिलि म्हणजे ०.००९ ग्रॅम लॅक्टिक आम्ल. १.५ मिलि लागले तर १० मिलि दुधात ०.०१३५ ग्रॅम, म्हणजे ०.१३५ टक्के, दूध ताजं आहे. डेअरीत या चाचणीला ॲसिडिटी टेस्टच म्हणतात, पण पाठ्यपुस्तकाच्या अर्थाने ती अल्कलीमेट्री. बोअरच्या पाण्याची अल्कलिनिटी काढतात तेव्हा नेमकं उलट: १०० मिलि पाणी, ०.०२ नॉर्मल सल्फ्यूरिक आम्ल, दर्शक शेवटी मिथिल ऑरेंज. २८ मिलि लागले तर १० ने गुणून लिटरला २८० मिलिग्रॅम, कॅल्शियम कार्बोनेटच्या हिशेबाने. पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकात २०० ही स्वीकार्य मर्यादा आणि दुसरा स्रोत नसेल तर ६०० पर्यंत चालतं. चाचणीचं नाव अल्कलिनिटी, पाठ्यपुस्तकाच्या अर्थाने ॲसिडिमेट्री. म्हणजे टेस्टचं नाव बघून 'मेट्री' ठरवायला गेलात तर पाठ्यपुस्तकाचा अर्थ मानणाऱ्या परीक्षकापुढे दर वेळी उलटं उत्तर जाणार.

आता आपल्या भागातला खास घोळ. मराठीत शिकताना 'क्षार' म्हणजे सॉल्ट, आम्ल आणि आम्लारीच्या (बेसच्या) उदासिनीकरणातून क्षार आणि पाणी मिळतं. शेजारी बसणारी कन्नड माध्यमातली मैत्रीण सॉल्टला 'लवण' म्हणते, बेसला 'प्रत्याम्ल', आणि 'क्षार' म्हटलं की तिच्या डोळ्यांपुढे अल्कली येतो. हिंदीतही क्षार म्हणजे अल्कलीच. त्यामुळे ब्युरेटमध्ये काय भरायचं ते दोघींनी आपापल्या शब्दांत ठरवलं की गडबड होते. आणि गंमत म्हणजे आपल्या घरच्या मराठीतही हा दुसरा अर्थ जिवंत आहे: पापडखार, सज्जीखार यातला 'खार' म्हणजे क्षारच, आणि तो अल्क आहे, मीठ नाही. मूळ अरबी 'अल्कली' हाही वनस्पतींच्या राखेचाच शब्द. म्हणून प्रयोगशाळेत 'क्षार' शब्द वापरूच नका. सरळ सोडियम हायड्रॉक्साइड म्हणा, सोडियम क्लोराइड म्हणा.

जर्नल शेवटी पास झालं ते असं. शीर्षकातून 'मेट्री' काढूनच टाकली. लिहिलं: 'ऑक्झॅलिक आम्लाने प्रमाणित केलेल्या सोडियम हायड्रॉक्साइडच्या द्रावणाने हायड्रोक्लोरिक आम्लाचे अनुमापन', इंग्रजीतून अर्थातच. खाली चार ओळी: ब्युरेटमध्ये काय, फ्लास्कमध्ये काय, दर्शक कोणता, रंग कशातून कशात. त्याखाली एक वाक्य: 'प्रमाणित द्रावणावरून नाव देण्याच्या पद्धतीने भाग एक ॲसिडिमेट्री, भाग दोन अल्कलीमेट्री.' कोणत्या अर्थाने म्हणतोय ते लिहिल्यावर खोडायला जागाच राहिली नाही. दोन्ही ठिकाणी सही झाली. अनुक्रमणिकेच्या पानावरही तेच शीर्षक शब्दशः हवं. आत एक आणि अनुक्रमणिकेत दुसरं असलं तरी जर्नल परत येतं.

तोंडी परीक्षेतही हीच रीत ठेवा. "ॲसिडिमेट्री म्हणजे काय?" विचारलं की आधी अर्थ कुठला धरताय ते सांगा, मग व्याख्या, मग लगेच उदाहरण. आणि 'टायटर' विचारलंच तर घाबरू नका. फ्रेंचमध्ये 'तित्र' म्हणजे सोन्या-चांदीचा कस. तोच शब्द पुढे द्रावणाच्या तीव्रतेला लागला. सराफ सोन्याचा कस काढतो, आपण द्रावणाचा. ब्युरेट आणि पिपेट ही नावं गे-ल्युसॅकने १८२४ मध्ये रूढ केली, हेही विचारतात.

आणखी एक जोडी नेहमी विचारतात: एंड पॉइंट आणि इक्विव्हॅलन्स पॉइंट. इक्विव्हॅलन्स पॉइंट म्हणजे आम्ल आणि अल्क हिशेबाने नेमके जुळले तो क्षण, तो डोळ्यांना दिसत नाही. एंड पॉइंट म्हणजे दर्शकाने रंग बदलला तो. दर्शक नीट निवडला तर दोन्ही जवळजवळ एकाच थेंबात येतात. ऑक्झॅलिक आम्ल दुर्बल असल्याने त्याचा इक्विव्हॅलन्स पॉइंट पीएच ७ च्या वर, ८ च्या आसपास जातो. फिनॉल्फ्थॅलीन ८.३ ते १० मध्ये बदलतं, म्हणून ते चालतं. मिथिल ऑरेंज ३.१ ते ४.४ मध्ये बदलतं, त्यामुळे आम्ल शिल्लक असतानाच पिवळं होऊन बसतं आणि रीडिंग कमी येतं. सोडियम कार्बोनेट आणि हायड्रोक्लोरिक आम्लाच्या प्रयोगात याच्या उलट चूक होते: तिथे फिनॉल्फ्थॅलीन घेतलं तर बायकार्बोनेटपाशीच रंग जातो आणि रीडिंग निम्मं येतं.

गुलाबी किती? फ्लास्कखाली पांढरा कागद ठेवला तरच कळेल इतका फिकट, आणि हलवल्यावर अर्धा मिनिट टिकणारा. गर्द गुलाबी झाला म्हणजे थेंब जास्त गेला. आमचे अटेंडर मामा मागून एवढंच म्हणायचे, "कॉक हळू सोड की, व्हायलंय गुलाबी." शेवटच्या मिलिमध्ये एकेक थेंब, आणि टोकाला लोंबणारा अर्धा थेंब फ्लास्कच्या काचेला लावून धुऊन घ्यायचा. थोड्या वेळाने रंग गेला तर घाबरून आणखी थेंब टाकू नका. हवेतला कार्बन डायऑक्साइड विरघळून तो जातो.

विसळण्याचा नियम राहिलाच. ब्युरेट आणि पिपेट ज्या द्रावणाने भरायचं त्यानेच विसळा. फ्लास्क मात्र फक्त डिस्टिल्ड पाण्याने, आम्लाने विसळला तर आत जास्तीचं आम्ल राहतं आणि रीडिंग वाढतं. ब्युरेटवर फनेल तसंच ठेवून रीडिंग घेऊ नका, त्यातून थेंब गळतो. कॉकखालच्या टोकात हवेचा बुडबुडा राहिला आणि मध्येच निघून गेला तर तेवढं द्रावण वापरल्यासारखं दिसतं. पिपेटच्या टोकातला शेवटचा थेंब फुंकून काढायचा नाही, टोक फ्लास्कच्या काचेला टेकवून सोडायचं. सलग रीडिंग ०.१ मिलिच्या आत जुळली की पुरे.

आणि काम झालं की सोडियम हायड्रॉक्साइड ब्युरेटमध्ये ठेवून घरी जाऊ नका. काचेचा कॉक दुसऱ्या दिवशी हलत नाही, जोर केला तर तुटतो, आणि ब्रेकेजची पावती भरल्याशिवाय जर्नलवर सही मिळत नाही. आधी पाण्याने, मग थोड्या पातळ हायड्रोक्लोरिक आम्लाने, परत पाण्याने धुवा, कॉक काढून मध्ये कागदाची पट्टी घाला आणि ब्युरेट स्टँडला उलटी लावा.