डुमिंगचा डॉमिनिक

गेल्या महिन्यात वाचनालयातला कार्यक्रम संपल्यावर तुम्ही मला थांबवून विचारलंत, "सर, तुम्ही आयुष्यभर मराठी शिकवलंत, घरीही मराठीच बोलता, मग नाव डॉमिनिक असं परकं कसं? आणि त्याचा अर्थ काय?" माझी गाडीची वेळ झाली होती, म्हणून "प्रभूचा, असा अर्थ आहे," एवढं बोलून मी निघालो. उत्तर चूक नव्हतं, पण गाडीत बसल्यावर ते अपुरं वाटत राहिलं. शाळेत दर जूनला नवा वर्ग हाच प्रश्न विचारायचा आणि दर वेळी तासाची घंटा मधे यायची. तुम्ही मनापासून विचारलंत म्हणून आता सगळं सांगतो.

सुरुवात माझ्यापासून होत नाही, आजोबांपासून होते. त्यांचं नाव डुमिंग. वसईत केळीची आणि पानवेलीची वाडी करणारा माणूस. लिहिता-वाचता येत नव्हतं. रेशनकार्डावर नाव डुमिंग, चर्चमधल्या बाप्तिस्म्याच्या वहीत लॅटिनमध्ये डोमिनिकुस. आमच्या घरात थोरल्या नातवाला आजोबांचं नाव द्यायची रीत, म्हणून ते माझ्याकडे आलं. तुमच्याकडेही पुष्कळ घरांत असंच असतं.

नावाचा अर्थ मी पहिल्यांदा त्यांनाच विचारला. ते म्हणाले, "आयताराचा जन्म माझा, म्हणून डुमिंग." मला ते तेव्हा साधं वाटलं. कॉलेजात गेल्यावर कळलं, की त्या न शिकलेल्या माणसाने नेमकं उत्तर दिलं होतं. पोर्तुगीज भाषेत रविवारला 'डोमिंगो' म्हणतात. वसई 1534 पासून 1739 पर्यंत, म्हणजे गुजरातच्या बहादूरशहाने ती पोर्तुगीजांना दिली तेव्हापासून चिमाजी अप्पांनी ती जिंकून घेईपर्यंत, दोनशे पाच वर्षं पोर्तुगीजांकडे होती. ते गेले, पण नावं राहिली, आणि आमच्या जिभेवर घोळून घोळून आमची झाली. 'डोमिंगोस'चा डुमिंग झाला, 'सेबास्तियाव'चा बस्त्याव, 'इग्नासियू'चा इनास.

रविवारची गोष्ट जरा खोलात सांगण्यासारखी आहे. रोमन लोक या दिवसाला सूर्याचा दिवस म्हणत, आपल्या रविवारसारखंच. सम्राट कॉन्स्टंटाइनने इ.स. 321मध्ये या दिवशी विश्रांतीचा हुकूम काढला, तोही सूर्याचा दिवस म्हणूनच. ख्रिस्ती लोकांच्या श्रद्धेप्रमाणे येशू याच दिवशी मेलेल्यांतून उठला, म्हणून ते त्याला 'दिएस डोमिनिका', प्रभूचा दिवस, म्हणू लागले. इंग्रजी 'संडे'त सूर्य टिकला. पोर्तुगीज आणि स्पॅनिश 'डोमिंगो', इटालियन 'डोमेनिका', फ्रेंच 'दिमांश' यांत सूर्य मावळून प्रभू आला. आता आजोबांचं वाक्य पुन्हा ऐका: आयताराचा जन्म, म्हणून डुमिंग. आयतार म्हणजे आदित्यवार. त्यांच्या त्या एका वाक्यात आदित्यही होता आणि प्रभूही.

आजोबा लॅटिन मिस्सेच्या, म्हणजे चर्चमधल्या मुख्य उपासनेच्या, काळातले. धर्मगुरू वेदीकडे तोंड करून प्रार्थना म्हणायचे आणि मधूनमधून लोकांकडे वळून हात पसरायचे: "दोमिनुस वोबिस्कुम." प्रभू तुमच्याबरोबर असो. आजोबांना त्या भाषेतलं काही कळत नव्हतं, पण 'दोमिनुस' कानावर पडलं की ते ताठ बसायचे. त्यात आपलं नाव आहे हे कोणीतरी त्यांना लहानपणी सांगितलं होतं. व्हॅटिकनच्या दुसऱ्या महासभेनंतर, 1960च्या दशकात, मिस्सा मराठीत आली. आजोबांना आनंद झाला, कारण आयुष्यात पहिल्यांदा सगळं समजत होतं. पण मराठी मिस्सेला बसल्यावर एकदा ते हळूच म्हणाले, "आता माझं नाव घेत नाहीत." त्या वाक्यावर मी फार वर्षं विचार केला आहे.

आता शब्दाकडे येतो, कारण भाषेच्या शिक्षकाला खरा आनंद इथे आहे. 'डोमिनिकुस' हे विशेषण, 'डोमिनुस' या नामावरून झालेलं. शेवटचा 'इकुस' आपल्याला परका नाही. धर्म-धार्मिक, मास-मासिक यांतला 'इक' आणि हा 'इकुस' एकाच कुळातले. डोमिनुस म्हणजे धनी, स्वामी, प्रभू. पण हा धनी कशाचा? तर घराचा. कारण 'डोमिनुस' हा 'डोमुस'पासून आला आणि डोमुस म्हणजे घर.

आणि या डोमुसचा सख्खा भाऊ संस्कृतात आहे. ऋग्वेदाच्या अगदी पहिल्या सूक्तात, आठव्या ऋचेत, अग्नीबद्दल म्हटलं आहे: "वर्धमानं स्वे दमे." स्वतःच्या घरात वाढणारा. तो 'दम' म्हणजे घर. रशियन माणूस आजही घराला 'दोम' म्हणतो. ज्या दिवशी मला हे समजलं, त्या दिवशी मी 'दंपती' हा शब्द नव्याने वाचला. शाळेत आपण त्याचा विग्रह 'जाया च पतिश्च' असा शिकवतो आणि व्याकरणाच्या परंपरेत तो बरोबरच आहे. पण वेदातला दंपती म्हणजे दम-पती, घराचा धनी. तोच अर्थ, जो डोमिनुसचा. म्हणजे तुमच्या लग्नाच्या आमंत्रणपत्रिकेवर 'नवदांपत्य' छापता, त्यात माझ्या नावाचं मूळ आहे. हे वर्गात सांगितलं, की मुलं फळ्याकडे बघण्याऐवजी माझ्याकडे बघू लागत.

हा शब्द तुमच्या घरातही रोज येतो. 'डोमिना' म्हणजे घरची मालकीण. तिची फ्रेंचमध्ये 'दाम' झाली, 'माझी' जोडून 'मादाम', आणि तिथून आपल्या शाळा-ऑफिसातल्या 'मॅडम'. गोव्याच्या इतिहासात व्हाइसरॉयांच्या नावाआधी येणारं 'दोम' तेच आणि सिनेमातला 'डॉन'ही तोच. मुलं पिझ्झाचं विचारतात, तर त्याचीही हकिगत आहे. अमेरिकेतल्या मिशिगनमध्ये 1960मध्ये दोघा भावांनी 'डॉमिनिक्स' नावाचं छोटं दुकान विकत घेतलं आणि 1965मध्ये त्याचं नाव 'डोमिनोज' झालं.

पण हे नाव जगभर पसरलं ते एका माणसामुळे. स्पेनमधल्या कास्तील प्रांतात कालेरुएगा नावाचं गाव आहे. तिथे 1170च्या सुमारास डोमिंगो दे गुझमान जन्मला. गावापासून जवळच सिलोसचा मठ होता आणि तिथले मठाधिपती संत डोमिंगो वारून शंभरएक वर्षं झाली होती. परंपरा सांगते, की आई हुआना त्यांच्या समाधीशी प्रार्थनेला गेली आणि मुलाला त्यांचंच नाव दिलं. तिला स्वप्न पडलं होतं, की पोटातून एक कुत्रा बाहेर येतो आहे आणि त्याच्या तोंडात पेटती मशाल आहे. पुढे लोकांनी शब्द फोडून श्लेष केला: 'डोमिनी कानेस', प्रभूचे कुत्रे. चित्रांत संत डॉमिनिकच्या पायाशी मशालवाला कुत्रा दिसतो तो त्यामुळे. आपल्याकडे दत्ताच्या पायाशी कुत्रे पाहणाऱ्याला ते चित्र विचित्र वाटणार नाही.

मला त्याच्या चरित्रातला एक प्रसंग सगळ्यात जवळचा. तो पालेन्सियात शिकत असताना दुष्काळ पडला. पुस्तकं तेव्हा चामड्यावर हाताने लिहिलेली असत, एकेक पुस्तक म्हणजे मोठी मालमत्ता. त्याने समासात स्वतःच्या टिपा केलेली ती पुस्तकं विकली आणि पैसे भुकेल्यांना दिले. माणसं भुकेने मरत असताना मी मेलेल्या कातड्यांवर अभ्यास कसा करू, अशा अर्थाचं त्याचं बोलणं नोंदलेलं आहे. ज्याला पुस्तकांचा लोभ आहे, त्यालाच या त्यागाचं वजन कळेल. मला आहे, म्हणून हे सांगताना माझा आवाज आजही बदलतो. त्याने स्थापलेल्या, फिरून उपदेश करणाऱ्या संन्याशांच्या संघाला 1216मध्ये पोपची मान्यता मिळाली. तो 6 ऑगस्ट 1221 रोजी बोलोन्यात वारला आणि 1234मध्ये संत ठरला. त्याचा सण 8 ऑगस्टला असतो.

याच संघाचं दुसरं पानही तुमच्यापासून लपवणार नाही. डॉमिनिकच्या मृत्यूनंतर दहा-बारा वर्षांत पोपने धर्मचौकशीचं, म्हणजे इन्क्विझिशनचं, काम मोठ्या प्रमाणात डोमिनिकन संन्याशांवर सोपवलं. गोव्यात ते न्यायालय 1560मध्ये आलं आणि मधली काही वर्षं सोडली तर 1812पर्यंत चाललं. त्यात हिंदूंनी सोसलं, नवख्रिस्ती झालेल्यांनीही सोसलं. माझ्या नावाशी हे जोडलेलं आहे आणि मला त्याचं दुःख आहे. म्हणूनच दुसरी एक घटना मी जपून ठेवतो. कोलंबसाच्या वडिलांचं नाव डोमेनिको. कॅरिबियन समुद्रात कोलंबसाच्या भावाने वसवलेल्या शहराचं नाव सांतो डोमिंगो. तिथे 21 डिसेंबर 1511 रोजी आंतोनियो दे मोंतेसिनोस नावाचा डोमिनिकन संन्यासी प्रवचनाला उभा राहिला. समोर स्पॅनिश जमीनदार बसलेले. त्याने त्यांना तोंडावर विचारलं, की ज्या मूळ रहिवाशांना तुम्ही राबवून मारता, ती माणसं नाहीत का? त्यांना आत्मा नाही का? जमीनदार खवळले, माफी मागायला सांगितलं. पुढच्या रविवारी तो पुन्हा उभा राहिला आणि तेच बोलला. पहिल्या प्रवचनाचा दिवसही रविवारच होता. डोमिंगोच्या दिवशी, डोमिंगोच्या गावात, डोमिंगोचा शिष्य.

त्याच समुद्रात डोमिनिका नावाचं बेट आहे. कोलंबसाला ते 3 नोव्हेंबर 1493 रोजी दिसलं, रविवारी, म्हणून ते नाव. आज डोमिनिका आणि डोमिनिकन रिपब्लिक हे दोन वेगळे देश आहेत आणि दोन्ही माझे नामबंधू. तमिळनाडूतल्या कॅथलिकांनी मात्र नाव न उचलता अर्थ उचलला. त्यांच्याकडे संत डॉमिनिक 'सामिनादर' झाले, म्हणजे स्वामिनाथ. मराठीत आपण तसं केलं असतं, तर कदाचित मी प्रभाकरांच्या आणि प्रभुदासांच्या ओळीत बसलो असतो आणि तुम्ही प्रश्नच विचारला नसता.

मग डुमिंगचा डॉमिनिक कसा झाला? ते आईचं काम. माझा जन्म मंगळवारचा, म्हणजे आजोबांचं कारण मला लागू नव्हतं. शिवाय तिला शाळेच्या हजेरीत शोभेल असं नाव हवं होतं. त्याच सुमारास डॉमिनिक साव्हियोचं चित्र घराघरांत आलं होतं. हा इटलीतला मुलगा, तुरिनला डॉन बॉस्कोंच्या शाळेत शिकलेला, पंधरावं वर्ष पुरं व्हायच्या आत 1857मध्ये वारलेला. 1954मध्ये तो संत ठरला आणि वसईतल्या आयांना आपल्या पोरांसाठी एक पोरवयाचा संत मिळाला. आईने सासऱ्यांची परवानगी मागितली. ते म्हणाले, "लिहायला काय लिहायचं ते लिही. हाक डुमिंगच मारायची."

परका या शब्दाबद्दल एवढंच सांगतो. मुलाच्या इंजिनिअरिंगच्या प्रवेशासाठी डोमिसाइलचा दाखला काढायला एका कचेरीत गेलो होतो. खिडकीतल्या माणसाने अर्जावरचं नाव वाचलं आणि विचारलं, "मूळचे कुठले तुम्ही? गोव्याचे की केरळचे?" मी सांगितलं, वसईचे. "त्याच्या आधी?" मी सांगितलं, वसईचेच. त्याने आणखी दोन कागद मागितले. आजोबांच्या नावाचा जुना सातबारा घेऊन मी दुसऱ्या दिवशी गेलो. त्यावर 'डुमिंग' लिहिलेलं होतं, मोडीसारख्या वळणाच्या अक्षरात. तो दाखला हातात आल्यावर मी घरी येऊन शब्दकोश उघडला. डोमिसाइल, लॅटिन 'डोमिसिलियुम', मूळ डोमुस, घर. राहण्याचा पुरावा मागणारा शब्द आणि ज्याच्याकडे तो मागितला त्याचं नाव, दोन्ही एकाच घरातून आलेले होते. त्या खिडकीतल्या माणसाला हे सांगायला मी गेलो नाही, पण पुढच्या वर्षी वर्गात मात्र सांगितलं.

आता घरात मला डुमिंग म्हणणारं एकच माणूस उरलं आहे, माझी आत्या. नव्वदी उलटली आहे, नजर गेली आहे, पावलांच्या आवाजावरून माणसं ओळखते. रविवारी मिस्सा झाली की मी तिच्याकडे जातो. ओट्याची पायरी चढायच्या आत ती आतून हाक मारते. त्या हाकेत मी आहे की तिचे वडील, ते तिला विचारावंसं मला वाटत नाही. मी "आलो, आलो" म्हणतो आणि चपला काढतो.