तपास दुसऱ्याच्या हाती द्या, एवढंच मागणं होतं

बाबांच्या उजव्या हाताचं हाड मोडलं त्या रात्री आम्ही साडेआठलाच ठाण्यात पोचलो होतो. एफआयआरच्या प्रतीवर मात्र आमची वेळ निघाली 11.10, आणि शेजाऱ्यांनी आमच्यावर केलेल्या उलट तक्रारीची 9.30. भांडण दोन घरांमधल्या बोळात त्यांनी घातलेल्या भिंतीचं. त्यांचे सख्खे काका त्याच ठाण्यात प्रधान आरक्षक, म्हणजे हेड कॉन्स्टेबल. बाबांचा जबाब लिहिला जात होता तेव्हा ते आतल्या खोलीत ठाण्याचे प्रमुख टीआयसाहेब यांच्यासमोर बसले होते.

दुसऱ्या दिवशी इंदूरच्या एमवाय या सरकारी हॉस्पिटलच्या एक्स-रेत हाड मोडल्याचं स्पष्ट आलं. हाड मोडणं ही भारतीय न्याय संहितेच्या कलम 116 प्रमाणे गंभीर दुखापत, आणि तिला 117(2) खाली सात वर्षांपर्यंत शिक्षा. आमच्या एफआयआरमध्ये 115(2), म्हणजे साधी मारहाण, जास्तीत जास्त एक वर्ष. तीन आठवडे फेऱ्या मारूनही कलम वाढलं नाही. कोपऱ्यावरच्या दुकानाच्या कॅमेऱ्यात सगळं आलं होतं, ते चित्रण साठवणारा डीव्हीआर घ्यायला कुणी गेलं नाही.

मी संतापून वकीलकाकांकडे गेले ती थेट सीबीआयचीच मागणी घेऊन. इंदूरच्या माणसाला व्यापम, म्हणजे मध्य प्रदेशातला प्रवेश आणि नोकरभरती परीक्षांचा घोटाळा, आठवतंच. 9 जुलै 2015 ला सुप्रीम कोर्टाने तो तपास सीबीआयकडे दिला होता, मग आम्हाला का नाही? काका म्हणाले, "सीबीआय विसर. तुला कोण हवंय ते कोर्टाला सांगू नकोस. कोण नको आणि का नको, ते सांग."

त्यांनी मला निकाल वाचायला दिले. 2010 मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने सांगितलं की राज्याची संमती नसली तरी हायकोर्ट तपास सीबीआयला देऊ शकतं, पण हा अधिकार क्वचित, जपून आणि अपवादात्मक परिस्थितीतच वापरायचा. भीमा-कोरेगाव प्रकरणातल्या अटकांवर 2018 मध्ये बहुमताचा निकाल आला: आरोपीला आपला तपास कुणी करावा हे निवडता येत नाही. वाचून आधी राग आला. मग लक्षात आलं की आमच्यावरही एफआयआर आहे. नुसत्या संशयावर तपासी अधिकारी बदलता आला असता, तर शेजाऱ्यांनी आमच्याआधी बदलून घेतला असता. त्यांच्याकडे पैसा जास्त आहे.

हायकोर्टातल्या याचिकेचा पहिला मसुदा मीच लिहिला. त्यात 'पोलीस विकले गेले आहेत' असं वाक्य होतं. काकांनी ते खोडलं. पैसे दिल्याचा पुरावा नव्हता, आणि एक आरोप पोकळ निघाला की बाकीच्या खऱ्या गोष्टीही त्याच्यासोबत वाहून जातात. त्याऐवजी त्यांनी मला तीन रकान्यांचा तक्ता करायला बसवलं: तारीख, काय घडलं, त्याचा कागद कुठे आहे. दोन आठवडे मी तेवढंच करत होते. ठाण्यातल्या अर्जाची शिक्का मारलेली पोच, कमिशनरसाहेबांना पाठवलेल्या रजिस्टर्ड पत्राची पावती, जखमेचा हॉस्पिटलने पोलिसांसाठी दिलेला दाखला (एमएलसी), दोन्ही एफआयआरच्या वेळा, डीव्हीआर जप्त करा म्हणून दिलेला अर्ज. ज्या ओळीच्या तिसऱ्या रकान्यात कागद नव्हता ती ओळ गेली. 'शेजाऱ्यांचे काका आतल्या खोलीत बसले होते' ही ओळही जाणार होती. पण डिसेंबर 2020 च्या सुप्रीम कोर्टाच्या आदेशाप्रमाणे प्रत्येक ठाण्यात कॅमेरे हवेत आणि चित्रण अठरा महिने, निदान एक वर्ष तरी ठेवायचं आहे. ते चित्रण पुसू देऊ नये, अशी वेगळी मागणी आम्ही जोडली. माझ्या मते सगळ्या याचिकेत तीच मागणी सर्वांत मोलाची होती.

एमजी रोडवरच्या हायकोर्टात सरकारी वकिलांचा पहिला मुद्दा अपेक्षितच होता: यांनी आधी मॅजिस्ट्रेटकडे जायला हवं होतं. सुप्रीम कोर्टाचा 2007 चा निकाल तसं सांगतो. तपास नीट होत नसेल तर मॅजिस्ट्रेट त्यावर देखरेख ठेवू शकतो, पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं कलम 156(3), आताच्या नागरिक सुरक्षा संहितेतलं 175(3). आमचं उत्तर एवढंच होतं की मॅजिस्ट्रेट त्याच ठाण्याला 'नीट तपास करा' म्हणतील आणि लेखणी त्याच हातात राहील.

कोर्टाने केस डायरी, म्हणजे पोलिसांची तपासाची रोजची नोंदवही, मागवली. एक्स-रेचा रिपोर्ट तिच्यात चौथ्या दिवसापासून लागलेला होता. डॉक्टरांचं मत मागवलंय, असं सांगण्यात आलं. मत मागवल्याचं पत्र डायरीत नव्हतं.

तिसऱ्या पेशीला, म्हणजे सुनावणीला, आदेश झाला. दोन्ही गुन्ह्यांचा तपास दुसऱ्या झोनच्या एसीपींकडे, ठाण्याचं चित्रण जपून ठेवायचं, आणि आधीच्या अधिकाऱ्याच्या हेतूबद्दल आम्ही काहीही मत देत नाही. हे शेवटचं वाक्य मला तेव्हा फार लागलं. आज वाटतं, तेच बरोबर होतं. तपासी अधिकारी बेइमान आहे हे आधी सिद्ध करा, असं फरियादीला सांगितलं तर ते कुणालाच जमणार नाही, कारण सिद्ध करायची साधनं त्याच अधिकाऱ्याच्या ताब्यात असतात. आरोपीचा सख्खा नातेवाईक त्याच छताखाली नोकरीला आहे, आणि कागदात खरोखर भोकं आहेत. या दोन गोष्टी एकत्र आल्या की कोर्टाने थांबू नये. सीबीआय लागत नाही, शेजारच्या झोनचा अधिकारी पुरतो.

दुकानाचं चित्रण मात्र गेलं. तोवर त्यावर नवं चित्रण चढलं होतं.

नव्या मॅडम घरी आल्या, आधी बोळात जाऊन भिंत मोजली, मग बाबांसमोर बसल्या. पोलिसांनी घेतलेल्या जबाबावर साक्षीदाराची सही घेत नाहीत, त्यामुळे आत काय लिहिलंय हे पहिल्या वेळी बाबांना कळलंच नव्हतं. मॅडमनी मोबाइलवर चित्रण सुरू केलं आणि जुना जबाब हिंदीत मोठ्याने वाचला. 'धक्का-मुक्की' या शब्दावर बाबांनी त्यांना थांबवलं.

"सरिया था," बाबा म्हणाले, म्हणजे लोखंडी सळई होती. मॅडमनी ते तसंच लिहून घेतलं.